दोन बोटं मोकळी

मी पट्टी बोलतेय. फूटपट्टी नव्हे, की वहीत खुणेला घालायची रंगीत पट्टीही नव्हे. औषधाच्या दुकानात लोक ‘क्रेप बँडेज द्या’ म्हणून मागतात, ती. रंग फिकट बदामी, रुंदी माणसाच्या तळहाताएवढी, आणि लांबीचं म्हणाल तर ती ज्याच्या त्याच्या हातावर अवलंबून. ताणलं तर चार मीटर, सोडलं तर त्याच्या निम्मी.

माझा जन्म कापसाचा. गिरणीत माझ्या धाग्यांना इतका पीळ दिला की ते सरळ राहायचं विसरूनच गेले. विणून झाल्यावर मला गरम पाण्यातून काढलं, तेव्हा अंग आखडलं आणि अंगभर बारीक सुरकुत्या पडल्या. माणसांना सुरकुत्या म्हातारपणी पडतात. मी जन्मतःच सुरकुतलेली, आणि माझी सगळी ताकद त्या सुरकुत्यांतच. तपासणीच्या टेबलावर एका कामगार बाईने मला दोन्ही हातांनी ओढून पाहिलं आणि शेजारणीला सांगितलं, की हिची पकड चांगली आहे. आयुष्यातला तो माझा पहिला शेरा. मी तो फारच मनावर घेतला. आपण म्हणजे पकड, दुसरं काही नाही, असं धरून चालले.

मग निळ्या कागदात गुंडाळून, सोबतीला दोन दातेरी चिमट्या देऊन मला एका औषधाच्या दुकानात पाठवलं. काचेच्या कपाटात माझ्या एका बाजूला थर्मामीटर आणि दुसऱ्या बाजूला खोकल्याच्या बाटल्या. बाटल्या चार-चार दिवसांत बदलायच्या, त्यामुळे त्यांच्याशी ओळख होईपर्यंत निरोपाची वेळ यायची. थर्मामीटर मात्र माझ्यासारखाच मुक्कामाला होता.

एका सकाळी दुकानात एक बाई आल्या. साठी उलटलेली, पाठ ताठ, केस कानाच्या वर कापलेले, आणि चालताना उजव्या गुडघ्यावर भार येऊ नये म्हणून जरा तिरकं पाऊल. दुकानदाराने गुडघ्यासाठी तयार मोजे दाखवले. बाईंनी ते बाजूला सारले. तीस वर्षं शाळेत मुलांचे घोटे आणि मनगटं मी हातानेच बांधत आले, म्हणाल्या, मला पट्टीच द्या. दुकानदाराने मला पुढे केलं. बाईंनी मला ओढून पाहिलं आणि मान हलवली. मला वाटलं, आपण इथेही पहिल्या वर्गात पास झालो.

या बाई म्हणजे त्या वस्तीतल्या ड्रिलबाई. शाळेत कवायत आणि खेळ शिकवायच्या. निवृत्त होऊन तीन वर्षं झाली होती, तरी रस्त्यात कुणी पोक काढून चालत असला की बाई दिसताच आपोआप सरळ व्हायचा. घर लहानसं, पण शिस्तीचं. चपला भिंतीला समांतर, घड्याळ दोन मिनिटं पुढे, आणि दारावरच्या खिळ्याला जुनी शिट्टी. बाई रोज पहाटे फिरायला जाण्याआधी खुर्चीत बसून मला गुडघ्यावर गुंडाळत, चिमट्या लावत, आणि आम्ही दोघी निघत असू. त्यांच्या पायाच्या हिशोबाने मी इतकी बसले होते की आमच्यात कधी शब्दाची गरज पडली नाही.

आठ महिन्यांपूर्वी घरात त्यांचा धाकटा भाऊ राहायला आला. तो शिंपी. त्याचं दुकान ज्या इमारतीत होतं ती पाडायला घेतली, तेव्हा बाईंनीच त्याला बोलावून घेतलं आणि पुढची खोली दुकानाला दिली. लोक त्याला टेलरमास्तर म्हणायचे. त्यामुळे घरात एक बाई आणि एक मास्तर, पण शाळा मात्र कुणाचीच नाही, असा प्रकार. मास्तर स्वभावाने लोण्यासारखे. कुणी चार दिवसांत कोट मागितला तर ‘बघतो’ म्हणत, आणि तीन दिवसांत देत. बाई त्यांना धाकट्या म्हणत, पन्नाशी उलटली तरी. एकच गोष्ट मास्तरांना जमत नव्हती, ती म्हणजे रक्त. बोटात सुई गेली तरी डोळे मिटून बोट तोंडात घालत आणि मग बराच वेळ खिडकीबाहेर बघत बसत.

मास्तरांबरोबर शिलाई मशीन आलं, कापड बेतायची लांब फळी आली, आणि बटण आला.

बटण हा कुत्रा. पिवळट अंगाचा, मध्यम उंचीचा, आणि चेहऱ्याच्या मधोमध कोटाच्या बटणासारखं गोल काळं नाक. मास्तरांनी त्याला रस्त्यावरून आणला होता आणि त्याच्याशी ते माणसासारखं बोलायचे. बाईंना ते रुचत नव्हतं. त्यांचं म्हणणं सरळ होतं. भाऊ आपला आहे, कुत्रा काही आपला नाही. म्हणून नियम ठरला: बटण मागच्या अंगणात राहील, उंबरठा ओलांडणार नाही. बटणने नियम ऐकून घेतला आणि आपल्या सोयीने पाळला. बाई घरात असल्या की तो अंगणात, बाई फिरायला गेल्या की मशीनखाली, मास्तरांच्या पायाशी.

त्यातही एक गंमत होती. बाई त्याच्याशी कधी गोड बोलल्या नाहीत, तरी रोज पहाटे तो त्यांच्या मागोमाग अंगणातल्या लोखंडी फाटकापर्यंत पोचवायला यायचा. बाई मागे वळून बघत नसत. पण फाटक मात्र हलक्या हाताने लावत, हे मी गुडघ्यावरून रोज पाहत होते.

मग ती सकाळ आली. बाई मला बांधून बूट घालायला गेल्या, तर डाव्या बुटाची जीभ कुरतडलेली. गेली दहा वर्षं त्या एकाच प्रकारचे पांढरे बूट घालत आणि दर आठवड्याला स्वतः धूत. त्या बूट हातात घेऊन पुढच्या खोलीत गेल्या. काय काय बोलल्या ते सगळं सांगत नाही. शेवटी म्हणाल्या, की या घरात एक तर हा राहील नाहीतर मी. मास्तरांनी मशीनवरून मान वर केली नाही. बाजारापलीकडे एक खोली पाहून ठेवली आहे, असं त्यांनी हळूच सांगितलं. तिसरा मजला आहे, पण कुत्रा चालेल म्हणाले. या महिन्याअखेर जाईन.

बाईंना हे अपेक्षित नव्हतं. माझ्याखाली त्यांचा गुडघा एकदम ताठ झाला. त्या फक्त “बरं” म्हणाल्या, चपला पायात सरकवल्या आणि मागच्या दाराने निघाल्या. बटण नेहमीसारखा मागे आला. फाटकातून बाहेर पडताना बाईंनी मागे न बघता फाटक ओढलं. हलक्या हाताने नव्हे. आपटलंच.

बटणचा पुढचा डावा पाय फाटक आणि खांब यांच्या मध्ये होता.

कुत्र्याचं भुंकणं मी ऐकलं होतं, गुरगुरणं ऐकलं होतं. हा आवाज त्यातला कुठलाच नव्हता. बाई गर्रकन वळल्या. फाटक उघडलं. बटण तीन पायांवर मागे सरकला आणि आवारातल्या पायरीपाशी आडवा झाला. डावा पाय त्याने अधांतरी धरला होता, तो थरथरत होता, आणि पंजाच्या वर चांगली बोटभर जखम होऊन रक्त ठिबकत होतं.

मास्तर गळ्यातल्या टेपसकट धावत आले. रक्त दिसताच त्यांचा चेहरा खडूसारखा झाला आणि ते दारातच बसले. मग उठले ते भलत्याच हुशारीने. पाय सरळ करून बघतो म्हणून हात घातला, तर बटण, जो आजवर त्यांच्या हातातलं बिस्किटसुद्धा ओठांनी घ्यायचा, त्याने दात दाखवले. मास्तर आत पळाले आणि एका हातात जखमेवर ओतायचं जळजळीत औषध आणि दुसऱ्या हातात बाईंची गुडघेदुखीची गोळी घेऊन आले.

बाईंनी दोन्ही वस्तू खाली ठेवायला लावल्या. त्यांचा आवाज एकदम शांत झाला होता. मैदानावर मूल पडलं की त्यांचा आवाज असाच होत असणार.

“कुत्र्यातलं मला काही कळत नाही,” त्या म्हणाल्या. “पण जे कळत नाही ते करायचं नाही, एवढं कळतं. जनावरांच्या डॉक्टरांना फोन लाव.”

स्पीकर लावून फोन पायरीवर ठेवला आणि त्यांनी डॉक्टरबाईंचं ऐकून घेतलं. हाड सरळ करायला जाऊ नका. माणसाची गोळी अजिबात नको, ती कुत्र्याच्या जिवावर बेतू शकते. खायला काही देऊ नका. स्वच्छ कापडाने जखम दाबून धरा. दुखण्यात तो कुणालाही चावेल, त्यात त्याचा दोष नाही, म्हणून तोंड मऊ कापडाने बांधा, पण नाकाने श्वास नीट चालू आहे ना ते बघा. आणि लवकर घेऊन या.

बाईंनी भावाला मऊ कापडाची लांब चिंधी मागितली. मास्तरांनी सवयीने विचारलं, किती इंच. मग स्वतःच भानावर आले आणि कुणाच्या तरी कोटाच्या अस्तराची जांभळी, चमकदार पट्टी कापून आणली. बाईंनी तिचा फास करून बटणच्या जबड्यावरून घेतला, हनुवटीखाली तिढा दिला आणि कानांमागे गाठ मारली. ते करताना त्या त्याच्याशी बोलत होत्या. पहिल्यांदाच. फार काही नाही, नुसतं “झालं, झालं, हो, झालं,” असं. बटणचे डोळे त्यांच्या चेहऱ्यावरून हलत नव्हते.

नव्या पांढऱ्या सुती कापडाची घडी करून त्यांनी ती जखमेवर दाबली. उचलून बघायचं नाही, सारखं बघितलं की थांबत आलेलं रक्त पुन्हा वाहतं, असं भावाला सांगितलं. मास्तर पुन्हा पांढरे पडायला लागले होते. तेव्हा बाईंनी त्यांना काम दिलं. तू दारातून दिसणाऱ्या भिंतीवरच्या घड्याळाकडे बघ, इकडे बघू नकोस, आणि दहा मिनिटं झाली की सांग. मास्तरांनी इतक्या इमानदारीने घड्याळ कधी पाहिलं नसेल. पाचव्या मिनिटाला त्यांना आठवण झाली की हे घड्याळ दोन मिनिटं पुढे आहे, आणि त्याने फरक पडतो का, असं त्यांनी विचारलं. बाई हसल्या नाहीत, पण माझ्याखालचा गुडघा जरा सैल पडला.

रक्त थांबत आलं. आता घडी जागेवर धरून ठेवायला काहीतरी हवं होतं. प्रथमोपचाराची पेटी बाई निवृत्त होताना शाळेतच ठेवून आल्या होत्या. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. मग पँटचा पाय वर सरकवला, माझ्या चिमट्या काढल्या आणि मला स्वतःच्या गुडघ्यावरून सोडवायला लागल्या. ताई, तुझा गुडघा, असं मास्तर म्हणाले. गुडघा कुठे पळून जात नाही, असं बाईंनी उत्तर दिलं.

कोटाच्या खांद्यात भरायचा कापूस मास्तरांच्या खणात होता. तो पायाभोवती गुंडाळला, आणि त्यावरून मी. खरं सांगते, मनातून मी नाराज होते. माणसाच्या गुडघ्यावरून कुत्र्याच्या पायावर, ही काही बढती नव्हे. पण काम म्हटल्यावर जीव ओतायचा, हा माझा बाणा. बाईंच्या हातांना सवय होती धडधाकट मुलांच्या घोट्यांची. शिवाय ते हात त्या वेळी स्वतःवरच चिडलेले होते. त्यांनी मला चांगली ओढली, आणि मी ओढ दिली. मधली दोन बोटं सवयीने बाहेर ठेवली होती, तेवढीच मोकळी. बाकी पाय मी असा आवळला की हलायची सोय नाही. आपल्यासारखी पकड कुणाची नाही, असं मला वाटलं.

शेजारच्या लाँड्रीवाल्या काकांची गाडी कपडे पोचवायला निघतच होती. मास्तरांनी कापड बेतायची फळी आणली, दोघांनी बटणला अलगद फळीवर सरकवलं आणि गाडीत चढवलं. गाडीत दोन्ही बाजूंना इस्त्रीचे शर्ट टांगलेले. वळण आलं की सगळ्या बाह्या एकदम मास्तरांच्या तोंडावरून फिरायच्या. बाई गाडीच्या तळाशी गुडघा दुमडून बसल्या होत्या. माझ्यावाचून तो किती ठणकत असेल, ते मला ठाऊक होतं. त्यांनी चेहऱ्यावर दाखवलं नाही. लाँड्रीवाले काका प्रत्येक गतिरोधकाच्या आधी ओरडून सांगत होते, आणि गाडी मुंगीच्या पावलाने चालवत होते.

इथून पुढचं सांगायला मला जड जातं, पण आत्मवृत्त म्हटल्यावर लपवून चालत नाही.

पाय सुजत होता. मला ते कळत होतं, कारण आतून माझ्यावर दाब वाढत होता. त्यावर माझा स्वभाव काय? कुणी ओढलं की मी उलटी ओढ देते. तो फुगत होता, मी आवळत होते. आधी माझ्याखाली त्याची नाडी टकटक करत होती. ती हळूहळू मंदावली. मला वाटलं, शांत झाला बिचारा, माझ्या आधाराने. तो शांत होत नव्हता. मी त्याचा पाय गुदमरवत होते.

मूल असतं तर म्हणालं असतं, बाई, घट्ट होतंय. बटणचं तोंड बांधलेलं, आणि नसतं बांधलं तरी काय सांगणार होता. मला तर तोंडच नाही.

बाईंची एक जुनी सवय होती. पट्टी बांधली की थोड्या वेळाने त्या मुलाला बोटं हलवायला सांगत. त्या सवयीनेच त्या बटणला म्हणाल्या, बोटं हलव बघू. म्हणाल्या आणि त्यांचं त्यांनाच हसू आलं. मग त्यांची नजर माझ्याबाहेर राहिलेल्या त्या दोन बोटांवर गेली आणि हसू मावळलं. बोटं टरटरून एकमेकांपासून फाकली होती. बाईंनी त्यांना हात लावला. मग उजव्या पंजाला लावून पाहिला. उजवा ऊबदार होता. ही दोन गार पडली होती.

“धाकट्या,” त्या म्हणाल्या, “मी घट्ट बांधली. सोडायला हवी.”

मास्तरांनी अख्ख्या आयुष्यात ताईच्या तोंडून ‘माझं चुकलं’ या जातीचं वाक्य ऐकलं नसावं. ते बघतच राहिले. बाईंनी सांगितलं, मी सोडते आहे, तोवर घडी तू दाबून धरायची, नाहीतर रक्त पुन्हा सुरू होईल. मास्तरांनी डोळे मिटून हात पुढे केला.

“बघून दाब. डोळे मिटलेस तर जागा चुकेल.”

मास्तरांनी डोळे उघडले. घडीवर तांबडा डाग होता, रुपयाएवढा. पण त्यांनी पाहिलं, आणि दोन बोटांनी नेमक्या जागेवर कापड दाबून धरलं, शिवणीवर कापड धरावं तसं. त्यांचा हात जराही हलला नाही.

बाईंनी मला वेढ्यावेढ्याने सोडवलं आणि बोटांना ऊब यायची वाट पाहत थांबल्या. मग माझ्याकडेच बघत त्या म्हणाल्या, “फाटक मीच आपटलं.”

“माहीत आहे,” मास्तर म्हणाले. “मशीन बंद होतं. ऐकलं मी.”

“मग बोलला का नाहीस?”

“तुझे हात कामात होते, ताई.”

बाईंनी बोटं पुन्हा चाचपली, ऊब आली होती. मला पुन्हा बांधायला घेतलं. या वेळी खालून, बोटांपासून वर, ओढ न देता, प्रत्येक वेढा नुसता अंगावर टाकत. झाल्यावर माझ्या वरच्या कडेखाली दोन बोटं सरकवून पाहिली. सहज गेली. इतकी सैल मला आयुष्यात कुणी बांधली नव्हती. आधी वाटलं, हे काय बांधणं झालं. आणि मग माझ्याखाली ती नाडी परत लागली. टक, टक, टक. मी तिच्यावर नुसती टेकून राहिले. दवाखाना येईपर्यंत तेवढंच ऐकत होते.

डॉक्टरबाई ठेंगण्या, बाह्या कोपराच्या वर दुमडलेल्या. त्यांनी आधी बटणचं जांभळं मुसकं पाहिलं आणि असं शाही मुसकं दवाखान्यात प्रथमच आलं म्हणाल्या. एक्स-रे काढला. दोन हाडांपैकी एक तडकलं होतं, पण जागचं हललं नव्हतं. जखम शिवायची, सूज उतरली की प्लास्टर, सहा आठवडे. मग त्यांनी पट्टी कुणी बांधली असं विचारलं. बाई शाळेतल्या मुलीसारख्या सरळ उभ्या राहिल्या. आधी घट्ट झाली होती, वाटेत बोटं गार लागली म्हणून सोडून परत बांधली, असं त्यांनी सगळं सांगितलं. डॉक्टरबाईंनी मान डोलावली. तशीच काही तास राहिली असती तर हाडाचं राहू द्या, पंजाच गमवायची वेळ आली असती, म्हणाल्या. बांधता येत नसेल तर नुसतं कापड दाबून धरून आणलेलं बरं. बोटं बघितलीत, तिथेच तुम्ही त्याचा पाय वाचवला.

बाईंनी ते कौतुक म्हणून घेतलं नाही. पण मास्तरांनी घेतलं. पुढचे पंधरा दिवस कोट न्यायला येणाऱ्या प्रत्येकाला ते ऐकावं लागलं.

मला मदतनीस कचऱ्याच्या डब्यात टाकणार होता. बाईंनी हात पुढे केला आणि द्या ती इकडे म्हणाल्या. घरी येऊन त्यांनी मला गार पाण्यात भिजत घातलं, साबणाने हलक्या हाताने धुतलं, सावलीत वाळवलं. चहा सांडावा तसा एक फिका डाग राहिला. तो अजून आहे.

बटणला उड्या मारायला, जिने चढायला मनाई होती. अंगणात तो गप्प बसणार नाही, म्हणून त्याची जागा ठरली बाईंच्या खोलीत, पलंगाशेजारच्या कोपऱ्यात. उंबरठ्याचा नियम कुणी मोडला, कधी मोडला, याची चर्चाच झाली नाही. बाईंनी भिंतीवर वेळापत्रक लावलं. सकाळी सातला अंगणात, प्लास्टरवर प्लास्टिकची पिशवी बांधून, पट्ट्याने धरून. परत आल्यावर पिशवी काढायची. दर चार तासांनी बोटं तपासायची. उड्या बंद. बिस्किटं दोन. तिसरं मास्तर गुपचूप देत. चौथं कोण देत होतं, ते मला बाईंच्या खोलीतल्या अर्ध्या उघड्या खणातून दिसायचं, पण मी ते कुणाला सांगितलं नाही.

दिवस भराभर गेले. महिनाअखेर आली तशी गेली. मास्तर म्हणाले, तिसऱ्या मजल्यावर प्लास्टर घेऊन कसं चढायचं, ते निघाल्यावर बघू. बाई हो म्हणाल्या. त्यानंतर खोलीचा विषय दोघांनीही काढला नाही. पण प्लास्टर उतरायचा दिवस जवळ येऊ लागला तशा बाई वेळापत्रकापुढे जास्त वेळ उभ्या राहायला लागल्या.

प्लास्टर निघालं. पाय बारीक झाला होता, केस विरळ, पण बटणने तो टेकवला. घरी आल्यावर मास्तर कोटाचं कापड बेतायला बसले आणि बाई दारात उभ्या राहिल्या. मी त्यांच्या गुडघ्यावर होते. त्या दिवसासारखाच गुडघा ताठ होता.

“जाऊ नकोस,” त्या म्हणाल्या.

मास्तरांची कात्री थांबली. त्यांनी मान वर करून विचारलं, “हे ड्रिलबाई सांगताहेत की ताई?”

“ताई.”

मास्तरांनी कात्री पुन्हा चालवायला घेतली. खोलीवाल्यांना तीन आठवड्यांपूर्वीच नाही कळवलंय, असं त्यांनी कापडाकडे बघत सांगितलं. तू विचारशील म्हणून वाट बघत होतो, म्हणाले. बाई रागवायच्या बेतात होत्या. पण बटण मध्येच येऊन त्यांच्या पायावर बसला, आणि राग राहिला तो राहिलाच.

आता माझं वय झालं. इतक्या वेळा धुतली, वाळवली, ताणली, की धाग्यांतला पीळ उतरला. ओढलं की लांबते, सोडलं की तशीच पडून राहते. बाईंनी परवा गुडघ्यासाठी नवी पट्टी आणली. ती माझ्याशेजारी खणात निळ्या कागदात ताठ बसून असते. तिलाही कुणीतरी सांगितलंय, की तिची पकड चांगली आहे. मी तिला रोज थोडंथोडं समजावते. म्हणते, बाई गं, पकड असू दे, पण आपण ज्याला धरतो त्याच्या बोटांकडे लक्ष ठेव. ती गार पडली तर आपण कितीही छान बसलेलो असलो तरी काही उपयोग नाही. तिला अजून पटत नाही. मलाही त्या वयात पटलं नसतं.

तुम्हालाही तेवढंच सांगायचंय. तुमच्या घरात एखादा मुका जीव असेल, तर त्याच्या डॉक्टरांचा फोन नंबर भिंतीवर लावून ठेवा, आपली गोळी आपल्यापाशी ठेवा, आणि कधी माझ्या एखाद्या बहिणीला त्याच्या पायाला बांधायची वेळ आली, तर दोन बोटं जातील इतकी मोकळी बांधा. घट्ट झाल्याचं तो सांगू शकत नाही. आम्हीही नाही.

मी मात्र टाकाऊ झाले नाही. दर रविवारी सकाळी बाई अंगणात वस्तीतल्या लोकांना प्रथमोपचार शिकवतात. लाँड्रीवाले काका आपल्या मांजरीमुळे पहिल्या दिवसापासून येतात. शिकणाऱ्यांच्या हाताला माझ्यासारखी सैल पडलेली पट्टीच बरी, असं बाईंचं मत. रुग्ण अर्थात बटण. मोबदला दोन बिस्किटं, कागदोपत्री.

आज रविवार. बाईंनी खण उघडून मला हातात घेतलं आहे. बटण दारात वाट बघत उभा होता. मी दिसताच तो लंगडायला लागला, अगदी विव्हळत, उजव्या पायाने. मोडला होता डावा.

बाई क्षणभर त्याच्याकडे बघतात. मग पायरीवर बसतात आणि त्याचा उजवाच पाय मांडीवर घेतात.